निवेदन काढून बघ

प्रिय मुक्ता,

निवेदनाशिवाय लोकांना कळेल का, हा तुझ्या सरांचा प्रश्न १९४२ मध्येही कुणाला तरी पडला होता. हम्फ्रे जेनिंग्ज आणि स्टुअर्ट मॅकॲलिस्टर यांचा ‘लिसन टू ब्रिटन’ जेमतेम वीस मिनिटांचा. त्यात निवेदन नाही, मुलाखत नाही. मग काय, सुरुवातीला एका कॅनेडियन गृहस्थांचं प्रास्ताविक चिकटवलं. तेवढं वगळून बघ.

आणि कान उघडे ठेव. कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये फ्लॅनगन आणि ॲलन ही विनोदी जोडी गातेय, कामगार जेवता जेवता शीळ घालताहेत. ते गाणं संपता संपता कट होतो तो थेट लंडनच्या नॅशनल गॅलरीत. मायरा हेस मोझार्ट वाजवतेय. बॉम्बच्या धास्तीनं चित्रं वेल्समधल्या खाणीत हलवलेली, म्हणून भिंती ओक्याबोक्या. श्रोत्यांत खुद्द राणी बसलीय, पण तसं कुणी सांगत नाही. कॅन्टीन आणि मैफल एकाच देशाची, हे एका कटनं सांगून टाकलं! मॅकॲलिस्टर मुळात संकलक; त्याचं नाव दिग्दर्शकाच्या बरोबरीनं झळकतं ते उगाच नाही. (तुम्हा संकलकांना हे ऐकून बरं वाटेल.)

भारावून मात्र जाऊ नकोस. पैसा माहिती मंत्रालयाचा, म्हणजे हा प्रचारच. काळा बाजार, रेशनवरून कुरबुरी यांतलं काही त्यात नाही. इकडे मुंबईत सरकारनं फिल्म ॲडव्हायजरी बोर्ड काढलं, व्ही. शांतारामही काही काळ तिथं होते. १९४३ पासून तर इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडियाचे माहितीपट थिएटरांत सक्तीनं दाखवायला लागले. त्याच साली बंगालात माणसं भुकेनं मरत होती. जेनिंग्जचा पट कितीही आवडला तरी हे माझ्या डोक्यातून जात नाही.

त्याचाच ‘अ डायरी फॉर टिमोथी’ही बघ. टिमोथी हे बाळ, ३ सप्टेंबर १९४४ ला, ब्रिटननं युद्ध पुकारल्याला बरोबर पाच वर्षं झाली त्या दिवशी जन्मलेलं. इथं निवेदन आहे, ई. एम. फॉर्स्टरनं लिहिलेलं, मायकेल रेडग्रेव्हनं वाचलेलं. ते बाळालाच विचारतं, की पुन्हा बेकारी येणार का, पुन्हा युद्ध होणार का? विजय दारात आला असताना सरकारी पैशावर असा प्रश्न विचारायला छाती लागते. सरांनी हट्टच धरला तर निवेदन असं, शंका घेणारं लिही.

रफ कट पेनड्राइव्हवर दे. लिंक नको, आमच्याकडे रात्री नेट फार रडवतं.

तुझी,
मावशी