वसईची उषा किरण

डहाणू लोकलच्या डब्यात सकाळी आमचा अख्खा जिल्हा भेटतो. सातपाटीची मासळी, पालघरच्या कचेरीतले कारकून, बोईसरला पहिल्या पाळीला निघालेले कामगार. 1 ऑगस्ट 2014 रोजी ठाण्यातून वेगळा झालेला हा पालघर जिल्हा वयाने लहान असला, तरी त्याची माणसं जुनी आहेत. त्यांतलं एक नाव माझ्या फार जिव्हाळ्याचं आहे. 22 एप्रिल 1929 रोजी वसईत जन्मलेली उषा मराठे, म्हणजेच उषा किरण.

मो. ग. रांगणेकरांच्या रंगमंचावरून आलेली ही मुलगी 1948 मध्ये उदयशंकरांच्या ‘कल्पना’त पडद्यावर दिसली. 1952 च्या ‘दाग’मध्ये दिलीपकुमार-निम्मी असताना त्या दुसऱ्या नायिका होत्या, तर 1953 च्या ‘पतिता’त देव आनंदच्या नायिका. लगेच 1954 मध्ये ‘बादबान’ आला. मच्छीमारांच्या वस्तीची गोष्ट, पुन्हा देव आनंद, पण या वेळी सोबत मीनाकुमारी आणि पोस्टरवर वाटेकरी. पाच वर्षांनी मराठीत ‘शिकलेली बायको’ त्यांनी स्वतःच्या बळावर पेलला. नायिका होऊन गेल्यावर बाजूला उभं राहणं अनेकींना जड जातं. उषाताईंच्या कामात मात्र तो जडपणा कुठे जाणवत नाही.

फिल्मफेअर पारितोषिकं 1954 मध्ये सुरू झाली, तेव्हा सहाय्यक कलाकारांसाठी त्यांत जागाच नव्हती. दुसऱ्या वर्षी ती झाली. ‘बूट पॉलिश’च्या डेव्हिडना सहाय्यक अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं आणि सहाय्यक अभिनेत्रीचं पहिलंवहिलं पारितोषिक ‘बादबान’साठी वसईच्या उषा किरण यांना. त्याच समारंभात मीनाकुमारी ‘परिणीता’साठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरल्या. हिंदी सिनेमातल्या सगळ्या सहाय्यक अभिनेत्रींच्या मानाची यादी आमच्या जिल्ह्यातल्या मुलीपासून सुरू होते, याचा मला मनापासून अभिमान वाटतो.

पुढे त्या आई झाल्या, थोरली बहीण झाल्या. ‘काबुलीवाला’त परक्या पठाणाची धास्ती घेतलेली मिनीची आई. ‘चुपके चुपके’त शर्मिला टागोरची बहीण. आणि 1975 चा हृषीकेश मुखर्जींचा ‘मिली’. मुलीला जिवावरचा आजार झालाय हे आईवडिलांना कळलेलं आहे, आणि ती मात्र इमारतीतल्या पोरांना घेऊन हुंदडते आहे. मिलीला हसता येतं, रडता येतं. शेजारच्या शेखरला दारू पिऊन ओरडता येतं. आईला यातलं काहीच करायची मुभा नाही. तिला घर चालवायचं असतं, मुलीशी रोजच्यासारखं बोलायचं असतं. उषाताई ते बोलतात. गोष्टीतलं दुःख आपल्याला खरं वाटतं, त्यात या आईच्या आवरून धरण्याचा वाटा मोठा आहे.

बोईसर-तारापूरच्या माणसांना असं काम परकं नाही. 1969 पासून इथल्या अणुकेंद्राची वीज महाराष्ट्राला आणि गुजरातला जाते; दिवा लावताना तारापूरचं नाव कोणाच्या ओठी येत नाही, पण उजेड पडतोच. सहाय्यक अभिनय मला तसाच वाटतो.

उषाताईंच्या लेकीनेही हाच वारसा उचलला. तन्वी आझमी यांनी ‘बाजीराव मस्तानी’मध्ये राधाबाई उभ्या केल्या. त्यासाठी त्यांनी खरोखर मुंडण करून घेतलं. 2015 च्या चित्रपटांसाठीचा सहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला, आईच्या पारितोषिकानंतर सहा दशकांनी. या राधाबाई बाजीरावांच्या तशाच चिमाजी अप्पांच्याही आई. त्याच चिमाजी अप्पांच्या मोहिमेत जानेवारी 1739 मध्ये तारापूरचा कोट सर झाला, ती लढाई बाजी भीवराव रेठरेकरांचा बळी घेऊन गेली, आणि मे महिन्यात वसई मराठ्यांकडे आली. वसईच्या लेकीच्या लेकीने वसई जिंकणाऱ्याची आई साकारावी, हा योग कोणी ठरवून जुळवलेला नाही. म्हणूनच तो मला मोलाचा वाटतो.

उषाताई पुढे मुंबईच्या नगरपालही झाल्या. 2000 मध्ये नाशिकला त्यांचं निधन झालं. आमच्या शाळांतून मुलांना किल्ले सांगतात, वारली चित्रं शिकवतात, अणुकेंद्र दाखवतात. त्याच तासाला शिक्षकांनी उषा किरण हे नावही सांगावं. आणि तुम्ही पुन्हा कधी ‘मिली’ लावाल, तेव्हा जया भादुरींवरची नजर जरा बाजूला वळवून आईकडे बघा. अभिनय शिकू पाहणाऱ्या पोरांना तर माझं आग्रहाचं सांगणं आहे: पहिला धडा तिथे घ्या.