झरी व्हाया मंथरा

डहाणूचा वीकएण्ड म्हटलं की आपलं पॅकेज ठरलेलं असतं. बोर्डीचा बीच, घोलवडचे चिकू, कुठल्या तरी रिसॉर्टमध्ये एक रात्र, येताना वारली पेंटिंगची एखादी फ्रेम. संपला विषय! मला यावेळी तो मेन्यू नको होता. डहाणू रोडला उतरले, शेअर जीपने तलासरी गाठली, तिथून झरी आणि मग गुजरातची हद्द ओलांडून थेट उंबरगाव. निमित्त होतं एका अभिनेत्रीचं. ही हिरॉईन नव्हे, सपोर्टिंग रोलवाली बाई. ललिता पवार!

'ललिता पवार आणि तलासरी? काहीही हं!' मैत्रिणीची पहिली रिअ‍ॅक्शन. पण ज्या 'रामायण'मधल्या मंथरेला अख्ख्या देशाने शिव्या घातल्या, त्या मालिकेचं शूटिंग उंबरगावात झालं. आणि उंबरगाव झरीपासून पाऊण तासाच्या आत आहे. नकाशा उघडून बघा, खरंच शेजारी आहेत.

आधी झरी

झरीत 'बघण्यासारखं' काय आहे, असं विचाराल तर लिस्ट देता येणार नाही. डिसेंबरात भात कापून झालेलं असतं, खाचरं मोकळी पडलेली असतात, बांधांवर ताडाची झाडं, मध्येच शेणाने सारवलेल्या कुडाच्या भिंती आणि त्यांना खेटून नवी सिमेंटची घरं. सायकलवरून शाळेत जाणाऱ्या मुली. माझ्या कानाला वारली बोली अर्धी मराठी, अर्धी गुजरातीसारखी लागत होती. पहिली पाच मिनिटं काही कळत नाही, मग एकदम कळायला लागते.

पण याच गावात 23 मे 1945 ला सुमारे पाच हजार वारली जमले होते. तेव्हा हा भाग ठाणे जिल्ह्याच्या उंबरगाव तालुक्यात होता. जमीनदाराच्या शेतावर फुकट राबायचं, म्हणजे वेठ, हा इथला नियम होता. त्याहून भयानक प्रकार म्हणजे 'लग्नगडी'. लग्नासाठी शे-दोनशे रुपये कर्ज घेतलं की नवरा-बायको दोघंही सावकाराचे वेठबिगार. कर्ज फिटायचं नाही, सुटका व्हायची नाही. त्या वर्षी जानेवारीत टिटवाळ्याला किसान सभेची परिषद झाली होती आणि तिथे गेलेली इथली माणसं नवं काहीतरी ऐकून परतली होती. गोदावरी आणि शामराव परुळेकर इथे आले, झरीची सभा झाली आणि ठराव झाला, की यापुढे वेठ नाही आणि बारा आण्यांपेक्षा कमी रोजाने काम नाही.

एवढी दोन वाक्यं. पण ती बोलण्यासाठी पिढ्या गेल्या होत्या. किंमतही मोजावी लागली. 10 ऑक्टोबर 1945 ला तलवाड्याला पोलिसांच्या गोळीबारात जेठ्या गांगड आणि त्यांच्यासोबत चार जण गेले. गोदावरीबाईंनी हे सगळं पुढे 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकात लिहिलं. ते 1970 मध्ये आलं आणि त्याला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. या ट्रिपआधी एकच गोष्ट वाचायची असेल तर ती हीच वाचा.

टपरीवर चहा पिताना एका आजोबांना सभेबद्दल विचारलं. ते म्हणाले, 'तेव्हा मी नव्हतोच जन्माला, ताई. पण बा सांगायचा. आधी मालकाशी बोलायचं तर खाली बघून बोलायचं. नंतर वर बघून बोलायला लागले.' चहाचे पैसे त्यांनी मला देऊ दिले नाहीत.

मग उंबरगाव

1960 मध्ये राज्यं वेगळी झाली आणि उंबरगाव गुजरातेत गेलं, तलासरी महाराष्ट्रात राहिली. आज रस्त्यावर फरक कळतो तो पाट्यांच्या लिपीवरून. बाकी तीच झाडं, तीच खारी हवा. याच उंबरगावातल्या वृंदावन स्टुडिओत रामानंद सागरांची अयोध्या उभी राहिली. 25 जानेवारी 1987 पासून 31 जुलै 1988 पर्यंत दर रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'रामायण' लागायचं, एकूण 78 भाग. माझ्या पिढीने ते खरं पाहिलं 2020 च्या लॉकडाऊनमध्ये. मी आजीसोबत बघायचे. मंथरा आली की आजी पदर तोंडाला लावून म्हणायची, 'आली मेली!' आणि मग स्वतःच, 'पण काय काम करते गं!'

या अयोध्येत मराठी माणसं बरीच होती. कौसल्या होत्या जयश्री गडकर, म्हणजे आपल्या 'सांगत्ये ऐका'च्या नायिका. दशरथ होते बाळ धुरी, त्यांचे खऱ्या आयुष्यातले पती. आणि मंथरा ललिता पवार. तेव्हा त्यांचं वय सत्तरीचं होतं. या वयात लोक रिटायर होऊन गावी बाग करतात. या बाई मुंबईपासून इतक्या लांब येऊन कुबड काढून उभ्या राहायच्या.

मंथरा कोण? दासी. कैकेयीच्या माहेरून सोबत आलेली नोकर बाई. कथा तिच्या दोन वाक्यांवर फिरते, पण ती कथा तिची नसते. झरीतून नुकतीच आल्यामुळे असेल, हा रोल मला पहिल्यांदाच वेगळा दिसला.

चेहरा गेला, आवाज राहिला

ललिताबाई 1916 मध्ये येवल्याला जन्मल्या. मूळ नाव अंबा. मूकपटांच्या काळात लहानपणीच त्या कॅमेऱ्यासमोर आल्या. 1932 च्या 'कैलाश' या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. बोलपट आले तेव्हा मूकपटातल्या बऱ्याच स्टार्सची पंचाईत झाली. सुलोचना, म्हणजे रुबी मायर्स, यांच्यासारख्या टॉपच्या हिरॉईनला काम थांबवून हिंदी शिकावं लागलं. ललिताबाईंना बोलणं जड गेलं नाही. 'हिम्मत-ए-मर्दां' (1935) मध्ये त्या हिरॉईन होत्या आणि स्वतः गायच्याही!

मग आलं 1942. 'जंग-ए-आझादी'च्या सेटवर एका सीनमध्ये भगवानदादांनी त्यांना थप्पड मारायची होती. ती जरा जास्तच जोरात बसली. चेहऱ्याच्या डाव्या बाजूला लकवा मारला, उपचारांत वर्षं गेली आणि डाव्या डोळ्यात कायमचा दोष राहिला. वय जेमतेम सव्वीस. म्हणजे आपल्यातले बरेच जण पहिलं प्रमोशन घेतात ते वय. हिरॉईनचं करिअर तिथेच संपलं.

आज असं काही झालं तर इन्शुरन्स आहे, सोशल मीडिया आहे, निदान कुणीतरी जाब विचारेल. तेव्हा यातलं काहीच नव्हतं. ललिताबाईंनी काय केलं? तोच बारीक झालेला डोळा कामाला लावला. 'रामशास्त्री' (1944) मध्ये त्या आनंदीबाई झाल्या. पुढे खाष्ट सासू, कजाग आई, कारस्थानी वहिनी.. जे रोल मिळाले ते इतके पक्के केले की देशभरच्या सुनांनी त्यांचा धसका घेतला. 'जंगली' (1961) मधली शिस्तीची आई आठवते ना?

पण माझ्या मते त्यांची खरी कमाई दुसरीकडे आहे. 'श्री 420' (1955) मधली केळीवाली गंगामाई आणि 'अनाडी' (1959) मधली मिसेस डिसा. वरून कडक, आतून लोण्यासारखी. मिसेस डिसासाठी त्यांना फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. एक प्रयोग करून बघा. 'अनाडी'चा कुठलाही सीन लावा आणि डोळे मिटून फक्त ऐका. ओरडणं, खेकसणं आणि त्याच्याखाली दडवलेली माया, सगळं कानाला कळतं. मग मंथरेचा सीन तसाच ऐका. तोच गळा, पण माया गायब!

नाव कुणाचं, आवाज कुणाचा

आज नुसत्या आवाजावर करिअर होतं. आपली मेघना एरंडे बघा. नॉडी काय, निंजा हातोडी काय, लाखो पोरं तिच्या आवाजावर मोठी झाली, पण रस्त्यात समोर आली तर त्यातली किती ओळखतील? डबिंगवाल्यांचं हेच दुखणं आहे. पडद्यावर चेहरा दुसऱ्याचा, टाळी दुसऱ्याला. सपोर्टिंग रोलवाल्यांचंही फार वेगळं नाही. ललिताबाईंचा चेहरा तरी सगळ्यांना माहीत होता. तरी 24 फेब्रुवारी 1998 ला त्या पुण्यात गेल्या तेव्हा त्यांच्या नावाआधी लोकांना 'मंथरा'च आठवली.

आणि झरीचं? 1945 च्या त्या सभेतलं गोदावरीबाईंचं नाव आपल्याला माहीत आहे, आणि ते असायलाच हवं. पण पाच हजारांतली बाकीची नावं? ती घराघरांत आहेत, 'बा सांगायचा' एवढ्यापुरती. माझ्यासाठी या ट्रिपचं फलित हेच. बीच कुठेही मिळतो हो. ही नावं मात्र तिथे जाऊन, बसून, चहा पिऊनच ऐकायला मिळतात, आणि सांगणारी माणसं आता म्हातारी होत चालली आहेत.

जायचं असेल तर..

चर्चगेटहून डहाणू रोडपर्यंत थेट लोकल आहे, 2013 पासून. पुढे तलासरीसाठी एसटी किंवा शेअर जीप. स्वतःची गाडी असेल तर अहमदाबाद हायवेने तलासरी, मग आत झरीकडे. परतीला ट्रेनने यायचं तर उंबरगावहूनही गाड्या मिळतात. पावसाळा संपल्यावर जा, मे महिन्यात उकाड्याने जीव जातो. 10 ऑक्टोबरच्या आसपास गेलात तर तलवाड्याच्या हुतात्म्यांबद्दल आवर्जून विचारा. गावात फोटो काढण्याआधी परवानगी घ्या, घरं म्हणजे सेल्फी पॉईंट नव्हेत. वारली चित्र घ्यायचंच असेल तर थेट काढणाऱ्याकडून घ्या आणि त्याचं किंवा तिचं नाव चित्रावर लिहून मागा. भाव करू नका. बारा आण्यांची गोष्ट ऐकून आल्यावर घासाघीस करणं शोभत नाही!