दोन भाते आणि एक टेबल फॅन

१५ सप्टेंबर २०११ रोजी तामिळनाडू सरकारने एक योजना सुरू केली. शिधापत्रिकाधारक कुटुंबांतील स्त्रियांना मिक्सर, ग्राइंडर आणि टेबल फॅन अशा तीन वस्तू विनामूल्य द्यायच्या, आणि त्या पावणेदोन कोटींहून अधिक कुटुंबांपर्यंत पोहोचवायच्या, असा संकल्प होता. त्यावरून राजकीय वाद पुष्कळ झाले. विज्ञानाच्या दृष्टीने मात्र त्यातली एक गोष्ट लक्षणीय आहे: असंख्य घरांत टेबल फॅन आला तो निवडीविना. कोणत्या आकाराचा, किती वॅटचा, कोणाच्या खाटेजवळ ठेवायचा, हे प्रश्न कोणी विचारले नाहीत, कारण विचारण्याची वेळच आली नाही. ते पंखे आता दहा वर्षांहून अधिक जुने झाले आहेत. कुठे पाते तडकले आहे, कुठे मोटर फक्त गुणगुणते. आता नवा पंखा विकत घ्यायचा, म्हणजे पहिल्यांदाच निवडायचा.

ही निवड किती अर्थपूर्ण असू शकते, हे पाहण्यासाठी पट्टीश्वरम् हे गाव योग्य आहे. मराठी वाचकाला तंजावरच्या भोसल्यांमुळे परिचित असलेल्या कावेरीच्या खोऱ्यात, कुंभकोणजवळ, दारासुरमच्या थोडे पलीकडे ते वसले आहे. तेथील तेनुपुरीश्वराच्या देवळाची कथाच उन्हाळ्याची आहे. बालसंत संबंदर भर उन्हात दर्शनाला येत असता त्याला चटके बसू नयेत म्हणून शिवाने मोत्यांचा मांडव पाठवला, असे भाविक सांगतात. दरवर्षी आनी महिन्यात, म्हणजे जून-जुलैच्या सुमारास, या मोत्यांच्या मांडवाचा उत्सव होतो. कथेतला उपाय सावलीचा आहे, वाऱ्याचा नाही, हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

मे महिन्यातील साधारण चार तारखेपासून अठ्ठावीस तारखेपर्यंतच्या दिवसांना तमिळ लोक अग्निनक्षत्रम् म्हणतात. मेट्टूर धरणाचे पाणी सोडण्याची परंपरागत तारीख १२ जून. त्यामुळे या दिवसांत कावेरीचे पात्र बहुधा वाळूचे असते. दुपारी पारा अडतीस-चाळीस अंशांकडे सरकतो, आणि समुद्र फार दूर नसल्याने हवेत दमटपणाही राहतो. ऑक्टोबर २०२४ मध्ये तामिळनाडूने उष्णतेच्या लाटेला राज्यविशिष्ट आपत्तीचा दर्जा दिला. म्हणजे उकाडा ही आता केवळ गैरसोय उरलेली नाही, शासनाच्या लेखी ती जीवावर बेतणारी घटना आहे. अशा गावात पंखा ही चैनीची वस्तू नव्हे.

पंखा मुळात करतो काय? तो हवा थंड करत नाही. बंद खोलीत ५५ वॅटचा पंखा लावला तर ती सारी ऊर्जा अखेर उष्णतेतच रूपांतरित होते, आणि रिकामी खोली कणभर अधिक तापते. थंड होते ते शरीर. स्वस्थ बसलेला माणूस सुमारे १०० वॅट उष्णता निर्माण करतो, आणि ती बाहेर टाकणे ही त्याची अखंड गरज असते. त्वचेलगत उबदार, दमट हवेचा एक पातळ थर चिकटलेला असतो. वारा हा थर उडवून लावतो आणि घामाच्या बाष्पीभवनाला वाट मोकळी करतो. एक लिटर घाम पूर्ण वाळताना सुमारे २४ लाख जूल उष्णता घेऊन जातो. या हिशेबाने ताशी अवघे दीडशे मिलिलिटर घाम त्वचेवर वाळला, तर विश्रांतीतील शरीराची सगळी उष्णता निघून जाते. अट एकच: घाम वाळला पाहिजे. ओघळून जमिनीवर पडलेला थेंब शरीराला काहीच देत नाही.

या साध्या तत्त्वाच्या दोन बाजू अठराव्या शतकातच उघड झाल्या, आणि दोन्ही वेळा साधन होते लोहाराकडे असतो तसा भाता. १७५८ मध्ये बेंजामिन फ्रँकलिन आणि जॉन हॅडली यांनी केंब्रिजमध्ये तापमापकाच्या गोळ्यावर ईथर लावले आणि भात्याने वारा घातला. ईथर झपाट्याने उडत गेले आणि पारा सुमारे अठरा अंश सेल्सिअसवरून शून्याखाली चौदा अंशांपर्यंत उतरला; गोळ्यावर बर्फ धरले. खोलीतली हवा मात्र होती तशीच होती. पुढे १७७५ मध्ये चार्ल्स ब्लॅगडेन यांनी अतिशय तापवलेल्या खोलीतील प्रयोगांचा वृत्तान्त प्रसिद्ध केला. पाणी उकळण्याच्या तापमानाहूनही गरम अशा त्या कोरड्या हवेत माणसे काही मिनिटे राहून सुखरूप बाहेर आली, कारण त्यांचा घाम वाळत होता. त्याच खोलीत ठेवलेला मांसाचा तुकडा ३३ मिनिटांत गरजेपेक्षा अधिक शिजला. दुसऱ्या तुकड्यावर भात्याने वारा घातला, तेव्हा तो १३ मिनिटांतच तयार झाला. एका भात्याने गारवा दिला, दुसऱ्याने पाकक्रिया वेगवान केली. फरक भात्यात नव्हता. समोरच्या वस्तूवर वाळण्याजोगे पाणी किती आहे आणि हवा किती तापलेली आहे, यात तो होता.

घरातला टेबल फॅन या दोहोंपैकी कोणता भाता ठरेल, हे आजचे संशोधन बरेच नेमकेपणाने सांगते. त्वचेचे तापमान ३५ अंशांच्या आसपास असते. हवा त्याहून गरम झाली की प्रत्येक झुळूक शरीरात थोडी उष्णता भरू लागते, तरी बाष्पीभवनाचा लाभ त्याहून मोठा असेल तोवर पंखा उपकारकच राहतो. सिडनी विद्यापीठातील संशोधकांनी २०१९ मध्ये तरुण स्वयंसेवकांवर दोन परिस्थिती तपासल्या. ४० अंश तापमान आणि ५० टक्के आर्द्रता असताना पंख्याने शरीरावरचा ताण कमी झाला. ४७ अंश आणि १० टक्के आर्द्रता असताना तो वाढला. कारण उघड आहे: इतक्या कोरड्या हवेत घाम वाऱ्याविनाही तत्काळ वाळतो, त्यामुळे पंख्याच्या पदरी केवळ गरम हवेचा मारा उरतो. म्हणूनच ४५ अंशांच्या चंद्रपुरात किंवा नागपुरात वाळ्याच्या ताट्यांचा कूलर शोभतो, नुसता पंखा नाही; आणि म्हणूनच पट्टीश्वरमच्या दमट अडतीस अंशांत कूलर निरुपयोगी वाटतो, पण पंखा कामास येतो.

याच गटाने २०२१ मध्ये गणिती प्रतिमानाच्या आधारे काही मर्यादा सुचवल्या. निरोगी तरुणांसाठी ३९ अंश, वृद्धांसाठी ३८, आणि घाम कमी करणारी काही औषधे घेणाऱ्या वृद्धांसाठी ३७ अंशांपर्यंत पंखा वापरावा. त्यापुढे तो लाभापेक्षा तोटा करू लागतो. २०२४ मध्ये ओटावा विद्यापीठाच्या संशोधकांनी वृद्ध व्यक्तींना ३६ अंश आणि ४५ टक्के आर्द्रतेत आठ तास ठेवून पाहिले. पंख्याने त्यांच्या शरीराच्या आतील तापमानात अर्थपूर्ण घट झाली नाही. वयाबरोबर घामाच्या ग्रंथी मंदावतात. वाळवायला पाणीच नसेल तर वाऱ्याने करावे तरी काय?

येथे निवडीचा प्रश्न दुकानातून घरात येतो. पट्टीश्वरममधील एखाद्या बेताच्या घराची कल्पना करावी. वर काँक्रीटची गच्ची, आत रात्री अभ्यास करणारी मुलगी, दुपारी चुलीपुढे उभी तिची आई, आणि ओसरीजवळच्या खाटेवर रक्तदाबाच्या व निद्रेच्या गोळ्या घेणारी आजी. पैसा एकाच पंख्याचा. मान फिरवणारा पंखा तिघींना वारा वाटतो खरा, पण वाटून दिलेला वारा प्रत्येकीच्या वाट्याला काही क्षणच येतो. तरुण मुलीचा घाम मुबलक असतो, तिला एवढे पुरते. आजीला संथ, सातत्याचा आणि जवळून येणारा वारा हवा, शिवाय त्याच्या जोडीला ओले फडके हवे. म्हणजे पंखा कोणासाठी, हा प्रश्न पहिला. कोणता, हा दुसरा.

दुसऱ्या प्रश्नाची उत्तरे खोक्यावर छापलेली असतात. ४०० मिलिमीटर पात्यांचा पंखा घरगुती वापरात सर्वाधिक आढळतो. पात्यांचा व्यास, मिनिटाला किती घनमीटर हवा ढकलली जाते आणि त्यासाठी किती वॅट लागतात, हे तीन आकडे पाहावेत. हवेच्या आकड्याला वॅटने भागले की पंख्याची खरी योग्यता कळते. आपल्याकडील वीज सेकंदाला ५० आवर्तनांची. त्यामुळे चार ध्रुवांची मोटर मिनिटाला १५०० फेऱ्यांच्या वर जाऊ शकत नाही. प्रत्यक्षात १३०० ते १४०० फेऱ्या होतात. ‘हाय स्पीड’ म्हणून विकले जाणारे पंखे कमी ध्रुवांच्या मोटरवर दोन हजारांच्या पुढे जातात. त्यांचा वारा जोरकस असतो, पण वेगाच्या मानाने आवाज फार झपाट्याने वाढतो. अभ्यासिकेत किंवा हलकी झोप असलेल्या म्हाताऱ्या माणसाशेजारी हा आवाज पंखा बंद करायला लावतो, आणि बंद पंख्याची कार्यक्षमता शून्य असते.

राहिला मोटरीचा प्रश्न. नेहमीची इंडक्शन मोटर सुमारे ५५ वॅट घेते, तर कायम चुंबकाची, ब्रशविरहित, अर्थात बीएलडीसी मोटर जवळपास तेवढ्याच वाऱ्यासाठी तीसेक वॅट. रोज बारा तास धरले तर दोन महिन्यांत पहिली सुमारे ४० युनिट वापरते, दुसरी सुमारे २२. तामिळनाडूत घरगुती ग्राहकाला दोन महिन्यांच्या बिलात पहिली १०० युनिट मोफत मिळतात. ज्या घराचा सारा वापर त्या शंभरांत बसतो, त्याला या अठरा युनिटांची बचत बिलात कधीच दिसणार नाही. गरीब घराला महाग पंखा घेण्याचे कारण अशा रीतीने हिशेबातूनच पुसले जाते. तरी एक कारण उरते. २०१२ च्या सुमारास राज्यातील अनेक भागांनी दीर्घ भारनियमन सोसले. वीज गेल्यावर इन्व्हर्टरची तीच बॅटरी बीएलडीसी पंख्याला जवळपास दुप्पट वेळ चालवते. लाटेच्या रात्री हे जादा तास आजीच्या दृष्टीने बिलापेक्षा मोलाचे ठरतात.

जुना पंखा टाकण्याआधी त्याचा कपॅसिटर मात्र तपासून घ्यावा. मोटर गुणगुणते पण पाती सुस्त फिरतात, हाताने ढकलल्यावर चालू होतात, अशी लक्षणे बहुधा या अल्प किमतीच्या भागाकडे बोट दाखवतात. बेअरिंगमध्ये तेलाचे दोन थेंब आणि पात्यांवरील धूळ पुसणे यांनीही वारा परततो. ही कामे पंख्याची वायर काढल्यावर, जाणत्या माणसाकडूनच करावीत. कपॅसिटर वीज धरून ठेवतो.

मग जागा. दिवसभर तापलेल्या गच्चीखाली उबदार हवा छताशी साचते, आणि सीलिंग फॅन तीच खाली ढकलतो. टेबल फॅन जमिनीलगतची हवा घेतो, हा त्याचा साधा पण मोठा गुण आहे. सूर्यास्तानंतर बाहेरची हवा आतल्यापेक्षा गार झाली, की तोच पंखा खिडकीपाशी नेऊन बाहेरची हवा आत ओढावी. दुपारी मात्र आधी सावली. भिंत आणि छत यांतून येणाऱ्या प्रारणाला वारा अडवू शकत नाही. त्यासाठी गच्चीवर पांढरा चुना, दारावर ओली चटई किंवा झापांचा मांडव हवा. देवळाच्या कथेतला मांडव तेच काम करतो.

पंख्याबरोबर आणखी एक वस्तू विकत घ्यावी: तापमान आणि आर्द्रता दाखवणारा छोटा मापक. तो काही शे रुपयांत मिळतो, आणि पंखा केव्हा पहिला भाता आहे व केव्हा दुसरा, हे तोच सांगतो. आजीच्या खोलीत काटा सदतिसाच्या पुढे गेला, की वाऱ्याची वाट पाहत बसू नये. हातपाय आणि मान ओल्या फडक्याने पुसावी, पाणी थोडे थोडे द्यावे, घरातल्या किंवा शेजारच्या सर्वांत गार जागी तिला न्यावे. औषधे स्वतःहून थांबवू नयेत. उन्हाळा सुरू होण्यापूर्वी डॉक्टरांना त्यांविषयी विचारून ठेवावे. बोलण्यात विसंगती, गरम तापलेली त्वचा किंवा ग्लानी दिसली, तर १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी आणि ती येईपर्यंत अंग ओले ठेवून वारा घालावा. त्या वेळी हाती वीज नसेल, तर ताडाच्या पानाचा विंझणाही चालतो. वाळायला पाणी तेवढे अंगावर असले पाहिजे.