दाराशी माझी खुर्ची

सानपाड्यात माझी एचआरमधली पहिली नोकरी. पामबीच रोडजवळ काचेची बिल्डिंग, गळ्यात आयकार्ड, हातात मशीनची कॉफी... आईला वाटलं, मुलगी सेटल झाली!

२०१७ मधली गोष्ट. ऑफिसातलं चाळीस हजारांचं पाकीट सापडेना. संशय डिस्पॅचमधल्या एका मुलावर. सर मला म्हणाले, "त्याला कॉन्फरन्स रूममध्ये बोलव. आणि तू दाराशी बस."

मी बसले. कुलूप नव्हतं, कुणी हात उगारला नाही. फक्त त्याचा मोबाइल आमच्या बाजूला होता, आणि बाहेर पडायचं तर माझी खुर्ची हलवावी लागली असती. तीन तासांत त्याने तीनदा विचारलं, "मॅडम, मी जाऊ का?" तिन्ही वेळा मी म्हटलं, "पाचच मिनिटं रे." शेवटी त्याने कबुलीच्या कागदावर सही केली आणि नोकरी सोडली.

दोन दिवसांनी पाकीट सापडलं. अकाउंट्समध्ये, भलत्याच फायलीत. मी त्याला फोन केला. त्याने उचलला नाही.

'आपण कुठे त्याला कोंडलं होतं?' अशी मी स्वतःची समजूत घालत राहिले. मग दोन वर्षांनी एका ट्रेनिंगमध्ये वकीलबाईंनी ती समजूत पार मोडीत काढली. कायद्यातच दोन उदाहरणं दिली आहेत म्हणाल्या. एकात कुलूप आहे. दुसऱ्यात माणूस आत, दारांवर बंदूकवाले, आणि 'बाहेर पडलास तर गोळी' अशी धमकी. म्हणजे कुलूप लागतंच असं नाही!

लंडनची १९१९ मधली केसही त्यांनी सांगितली. ग्रॅहम-व्हाइट या विमान कंपनीने वॉर्निशच्या चोरीच्या संशयावरून मीअरिंग नावाच्या कामगाराला चौकशीसाठी ऑफिसात बसवलं. बाहेर कंपनीचे पहारेकरी. आपल्याला अडकवलंय हे त्याला कळलं नसलं, तरी ती कैदच, असं कोर्टाने धरलं.

आपल्याकडे तेव्हा दंड संहितेचं ३४२ कलम होतं. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं १२७. बेकायदा कोंडून ठेवलं तर १ वर्षापर्यंत कैद. गुन्ह्याची किंवा गैरवर्तनाची कबुली काढण्यासाठी कोंडलं तर ३ वर्षांपर्यंत. दिवाणी कोर्टात भरपाईही मागता येते, पण सुटका झाल्यापासून १ वर्षाच्या आत. मला हे कळलं तोवर त्या मुलाचं वर्ष कधीच संपलं होतं.

चौकशी करूच नये का? जरूर करावी. कंपनी प्रश्न विचारू शकते, लेखी खुलासा मागू शकते, रीतसर चार्जशीट देऊ शकते. माणसाला अडवून ठेवू शकत नाही.

तुमच्यावर कधी अशी वेळ आली तर उठून उभे राहा आणि स्पष्ट विचारा, "मी जाऊ शकतो का?" उत्तर काय मिळालं, किती वाजले होते, खोलीत कोण होतं, सगळं लक्षात ठेवा. दडपणाखाली सही करू नका. करावी लागलीच, तर बाहेर पडल्याबरोबर ईमेलवर लेखी कळवा.

मी अजून एचआरमध्येच आहे. चौकशीला बसण्याआधी समोरच्याला सांगते, "फोन तुमच्याजवळच ठेवा. कधीही उठून जाऊ शकता." आणि दाराशी खुर्ची ठेवत नाही. त्या मुलाने मात्र माझा फोन अजून उचललेला नाही.