टोपलीपुलाच्या गल्लीत

शांघायला जाऊन आलेल्या माणसाने तिथल्या गगनचुंबी इमारतींचे वर्णन करावे, असा एक संकेतच होऊन बसला आहे. त्या इमारती मी पाहिल्या. मान दुखेपर्यंत पाहिल्या. पण वाचकहो, उंच इमारतीपाशी आपल्या उंचीखेरीज सांगण्यासारखे फार थोडे असते. मी लिहिणार आहे ते होंगकौ भागातल्या एका जुन्या, बुटक्या वस्तीविषयी. तिचे नाव तिलानच्याओ. म्हणजे टोपली घेऊन जाण्याचा पूल. जवळच श्याहाय नावाचे जुने देऊळ आहे. तिकडे उदबत्त्यांची टोपली हाती घेऊन बायाबापड्या ज्या पुलावरून जात, तो हा टोपलीपूल, असे सांगतात. आज पूल नाही, नाव तेवढे राहिले आहे. लकडी पुलात लाकूड शोधू नये हे ज्याला बालपणीच कळते, त्या पुणेकराला याचे नवल वाटायचे कारण नाही.

माझा पुतण्या शांघायला इंजिनियर आहे. गेल्या मे महिन्यात मी त्याच्याकडे गेलो होतो. "काका, तुम्हाला गल्लीबोळांतून भटकायची हौस ना? मग रविवारच्या पायी फेरीत तुमचे नाव घातले आहे," असे म्हणून त्याने मला सूचौ नदीच्या काठी नेऊन सोडले आणि स्वतः झोपायला घरी गेला.

फेरीत आम्ही नऊ जण होतो. वाट दाखवायला एक बाई होत्या. वय सत्तरीच्या आसपास, अंगाने काटक, शाळेत इंग्रजी शिकवून निवृत्त झालेल्या. मिटलेली छत्री उंच धरून त्या पुढे चालत. "पाय दुखले तर सांगा," त्यांनी आरंभीच बजावले, "पण पाय दुखतात म्हणून प्रश्न विचारायचे सोडू नका." शिक्षकी पेशाची ओळख पटायला एवढे पुरे होते.

पहिला मुक्काम नदीच्या वळणाबरोबर वळत गेलेल्या एका लांबलचक इमारतीपाशी. १९३० नंतरच्या दोन-चार वर्षांत ती बांधली. कोणी बांधली, हे सांगताना बाईंनी नाव उच्चारले, "ससून!"

आता ससून हे पुणेकराला आडनाव वाटतच नाही. 'त्याला ससूनला नेला' एवढे म्हटले की ऐकणारा चेहरा गंभीर करतो. बगदाद सोडून १८३२ साली मुंबईत आलेला डेव्हिड ससून १८६४ साली पुण्यात वारला; आपल्या लाल देवळाच्या आवारात त्याची कबर आहे. त्याचा मुलगा एलायस १८४४ साली चीनमध्ये व्यापाराला गेला. व्यापार कसला, हे बाईंनी आवाज न चढवता सांगितले: कापसाचा, सुताचा आणि अफूचा. ती अफू बरीचशी माळव्यातली, शिंदे-होळकरांच्या मुलखातून मुंबई बंदरात येणारी. म्हणजे शेत आपल्याकडचे, गलबत आपल्या बंदरातले आणि व्यसन यांचे. पुढे याच घराण्यातल्या व्हिक्टर ससूनने मुंबईतला पैसा शांघायला हलवला आणि नदीकाठच्या बंडवर १९२९ साली हिरव्या टोकदार छपराचे आलिशान हॉटेल उभारले. ते पीस हॉटेल या नावाने आजही उभे आहे.

मात्र ज्या इमारतीसमोर आम्ही उभे होतो, तिने एक पुण्यकर्मही केले आहे. १९३८च्या अखेरीपासून व्हिएन्ना-बर्लिनकडचे ज्यू जहाजे भरभरून शांघायला उतरू लागले. त्या वर्षीच्या जुलैत एव्हियान गावी बत्तीस देशांचे प्रतिनिधी जमले होते. त्यांनी सहानुभूती भरपूर दाखवली, दारे मात्र जवळजवळ सगळ्यांनी बंदच ठेवली. शांघायला उतरायला त्या काळी व्हिसा लागत नसे. पण ऑस्ट्रियातून सुटण्यासाठी कुठे तरी जायचे ठरले आहे, असा कागद दाखवावा लागे. तो कागद व्हिएन्नातले चिनी वकील हो फेंगशान यांनी हजारोंना दिला. असे वीसेक हजार लोक इथे आले, आणि त्यांतल्या कित्येकांना पहिला आसरा मिळाला तो ससूनच्या या इमारतीच्या तळमजल्यावर. अफूच्या पैशाची भिंत आणि तिच्या आडोशाला जीव वाचवून आलेली माणसे! पापपुण्याचा जमाखर्च मांडणाऱ्या चित्रगुप्तालाही इथे क्षणभर लेखणी थांबवावी लागेल.

तिथून आम्ही १९०७ साली उभारलेला वायबायदू हा पोलादी पूल ओलांडणाऱ्यांची गर्दी पाहिली. १९३७ नंतर या पुलावर जपानी पहारेकरी असत आणि चिनी माणसाला त्यांच्यापुढे वाकूनच जावे लागे. मग पूर्वेकडे वळून तासभर चालत टोपलीपुलाची वस्ती गाठली. आधी लागला तुरुंग, १९०३ सालचा. इंग्रजांच्या अमलात इथे पहाऱ्यावर शीख शिपाई असत. फेट्यांमुळे शांघायचे लोक त्यांना 'लाल डोक्याचे' म्हणून हिणवीत. बाईंनी माझ्याकडे पाहिले आणि सौम्यपणे म्हणाल्या, "पोटासाठी माणूस कुठेही उभा राहतो."

आणि मग गल्ल्या सुरू झाल्या. गिरगावच्या चाळीत किंवा सदाशिव पेठेच्या वाड्यात ज्याचे बालपण गेले आहे, त्याला इथे परके वाटणार नाही. मोठ्या रस्त्याला काटकोनात बोळ, बोळाला पोटबोळ, दोन्ही अंगांना विटांची दुमजली घरे आणि दगडी चौकटीत बसवलेली काळी लाकडी दारे. या दगडी चौकटीवरूनच घरांना 'शिखूमन' म्हणतात. बांधली एकेका कुटुंबासाठी. पण लढाया, पूर आणि दुष्काळ यांनी माणसे शहरात लोटली आणि एकेका घरात आठ-आठ, दहा-दहा बिऱ्हाडे शिरली. जिन्याच्या वळणावर, स्वयंपाकघराच्या माथ्यावर एक कोंदट खोली असे. उन्हाळ्यात भट्टी, थंडीत बर्फ. ती भाड्याने मिळे गरीब लेखकांना. साहित्य आणि जागेची टंचाई यांचा संबंध सार्वत्रिक आहे, असे समजून मी मनात त्या अनाम चिनी बंधूंना नमस्कार केला.

बोळाच्या तोंडाशी पूर्वी एक दुकान असे. त्यात विकायला फक्त उकळते पाणी! एका मोठ्या चुलीवर सारखे आधण ठेवलेले. लोक किटल्या घेऊन येत आणि पैसा-दोन पैशांचे पाणी नेत. त्या चुलीला म्हणत 'वाघचूल'. सरपण महाग, खोल्या लहान. घरोघरी चूल पेटवण्यापेक्षा हे परवडे. व्हिएन्नाच्या डॉक्टरीणबाई आणि शेजारची चिनी शिंपीण एकाच रांगेत किटली घेऊन उभ्या, असे ते दिवस होते.

१८ फेब्रुवारी १९४३ रोजी जपानी सेनाधिकाऱ्यांनी फर्मान काढले: १९३७ नंतर आलेल्या, कोणत्याही देशाचे नागरिकत्व नसलेल्या निर्वासितांनी १८ मेपर्यंत या वस्तीत येऊन राहावे. जागा जेमतेम चौरस मैल, आणि तिथे सुमारे एक लाख चिनी आधीच दाटीवाटीने राहत होते. बाहेर कामाला जायचे तर परवाना लागे. तो देणारा घोया नावाचा जपानी अंमलदार स्वतःला 'ज्यूंचा राजा' म्हणवून घेई. चौशान रस्त्यावरची लाल विटांची ओळ बाईंनी दाखवली. तिथल्या एका खोलीत ब्लुमेन्थाल नावाचा मुलगा वाढला. तो १९७७ साली अमेरिकेचा अर्थमंत्री झाला. १७ जुलै १९४५ रोजी अमेरिकन विमानांनी इथे बाँब टाकले. त्यात तीस-चाळीस निर्वासित मेले. चिनी शेजारी शेकड्यांनी मेले, आणि त्यांचा आकडा प्रत्येक पुस्तकात निराळा आहे.

हा 'निराळा आकडा' माझ्या मनात सलत राहिला.

छांगयांग रस्त्यावर ज्यूंचे जुने प्रार्थनामंदिर आहे, १९२७ सालचे. त्यात २००७ सालापासून निर्वासितांचे संग्रहालय आहे. मंदिराचे नाव 'ओहेल मोशे'. पुण्याचे लाल देऊळ म्हणजे 'ओहेल डेव्हिड'. हिब्रूत ओहेल म्हणजे तंबू. दगडविटांचे पक्के मंदिर बांधून त्याला तंबू म्हणणाऱ्या लोकांनी प्रवासाची किती पक्की खूणगाठ बांधली असेल! आपल्या कोकणातले शनवारतेलीही याच धर्माचे. पण त्यांना तंबूतून कोणी उठवले नाही, म्हणून ते तेल गाळीत आणि मराठी बोलत सुखाने राहिले.

संग्रहालयात निर्वासितांच्या नावांची एक लांब तांब्याची भिंत आहे. २०१४ साली ती उभारली तेव्हा तिच्यावर १३,७३२ नावे होती. आमच्याबरोबर ऑस्ट्रेलियाहून आलेले एक वृद्ध गृहस्थ होते. त्यांची आई लहानपणी इथे राहिली होती. चष्मा कपाळावर चढवून ते ओळीमागून ओळ चाचपत गेले, एके ठिकाणी थांबले, आणि त्या नावावर बोट ठेवून बराच वेळ उभे राहिले. कोणी काही बोलले नाही.

बाहेर आल्यावर फेरीतल्या एका तरुण मुलीने विचारले, "आणि शेजाऱ्यांची नावे कुठे आहेत?"

बाई म्हणाल्या, "निर्वासितांची यादी असते. शेजाऱ्यांची यादी कोण करतो?"

समोरच व्हिएन्नाच्या निर्वासितांनी चालवलेले 'पांढरा घोडा' नावाचे कॉफीगृह आहे. मूळचे रस्तारुंदीत गेले. हे २०१५ साली त्याच धर्तीवर पुन्हा बांधलेले. त्याच्या मागच्या अंगाला एका बोळात मात्र घरे रिकामी होती, दारे विटांनी चिणलेली. त्या बोळातच बाईंचा जन्म झाला होता. त्यांना आता शहराबाहेर, अकराव्या मजल्यावर घर मिळाले आहे.

आमच्या पुण्यातले वाडे डोळ्यांदेखत भुईसपाट झाले आहेत. साहजिकच मी हळहळलो. एवढी सुंदर दगडी दारे, एवढा शेजार!

बाईंनी छत्री खाली घेतली. "दार मलाही आवडते," त्या म्हणाल्या. "पण त्या दाराच्या आत नळ नव्हता, संडास नव्हता. पहाटे उठून मैल्याची बादली बोळाच्या टोकाशी न्यावी लागे, हिवाळ्यातसुद्धा. माझ्या आईने नेली, मी नेली. आता घरात सगळे आहे. माझ्यासाठी हळहळू नका."

"मग दर रविवारी इतक्या लांबून इथे का येता?"

त्या चिणलेल्या दारांकडे वळल्या आणि एकेका दाराकडे बोट दाखवून सांगू लागल्या. इथे चपला शिवणारा. त्याने निर्वासितांकडून जर्मन शिव्या शिकून घेतल्या होत्या. इथे तीन मुलांची विधवा. ती वाघचुलीवर सरपण घालायची. इथे रात्री दोन तारांचे वाद्य वाजवणारा म्हातारा. त्याला सगळे ओरडत, आणि तो मेल्यावर कोणाला झोप लागेना. हे सारे त्यांनी आईच्या तोंडून ऐकलेले, थोडे स्वतः पाहिलेले. प्रत्येक दारापाशी त्यांनी त्या माणसाचे पूर्ण नाव घेतले, आधी चिनीत, मग सावकाश आमच्यासाठी. शाळेत हजेरी घेतात तसे.

"घर पाडले तर पाडू दे," त्या म्हणाल्या. "पण इथे कोण राहत होते, हे सांगणारी मी शेवटचीच आहे."

हुओशान रस्त्यावरच्या छोट्या बागेत फेरी संपली. तिथे १९९४ साली बसवलेली स्मृतिशिला आहे; चिनी, इंग्रजी आणि हिब्रू अशा तीन भाषांत वस्तीचा इतिहास त्यावर कोरला आहे. शिळेच्या आसपास म्हातारी माणसे पत्ते कुटत होती आणि कोणाचे लक्ष शिळेकडे नव्हते. ते मला आवडले. बाईंनी सगळ्यांचा निरोप घेतला आणि त्या भुयारी रेल्वेच्या जिन्याने अकराव्या मजल्याच्या दिशेने निघून गेल्या.

परतल्यावर मी आईजवळ कागद-पेन्सिल घेऊन बसलो. आमचा वाडा पाडला त्याला पुष्कळ वर्षे झाली. त्यात अकरा बिऱ्हाडे होती. दाराच्या क्रमाने एकेक नाव लिहीत गेलो. दहा लिहून झाली. अकरावे जिन्याखालचे, त्यांना सारा वाडा 'कल्हईवाले' म्हणे. त्यांचे आडनाव अजून विचारीत हिंडतो आहे.