चेंबूर ते माहुल

चेंबूर ते माहुल हा मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावरचा प्रवास काही किलोमीटरांचाच आहे. प्रस्तुत लेखकाने तो मोनोरेलने सुरू केला. 2014 साली सुरू झालेल्या या मार्गावरची स्थानकांची नावेच परिसराची ओळख करून देतात: आधी फर्टिलायझर टाउनशिप, मग भारत पेट्रोलियम. मैसूर कॉलनीला उतरून पुढे रिक्षा करावी लागली.

माहुलगाव आणि शेजारचा आंबापाडा ही कोळ्यांची जुनी वस्ती. तेलशुद्धीकरण कारखाने येथे 1954 आणि 1955 साली आले. पाठोपाठ खत कारखाना, वीजकेंद्र आणि रसायनांच्या साठवण टाक्या आल्या. टाकी भरताना आत साचलेली वाफ बाहेर ढकलली जाते. बेंझिन, टोल्युईन यांसारखी लवकर उडून जाणारी रसायने अशा रीतीने हवेत मिसळतात. केईएम रुग्णालयाच्या 2013 च्या पाहणीत 67.1 टक्के रहिवाशांना महिन्यातून तीनपेक्षा अधिक वेळा धाप लागत असल्याचे आढळले. गावकऱ्यांच्या अर्जावर राष्ट्रीय हरित लवादाने डिसेंबर 2015 मध्ये येथील हवेपासून आरोग्याला धोका असल्याचे मान्य केले.

गावाजवळच 72 इमारतींची पुनर्वसन वसाहत आहे. तानसा जलवाहिनीच्या दोन्ही बाजूंची दहा मीटर जागा मोकळी करण्याचा आदेश उच्च न्यायालयाने दिला होता. त्यानुसार घरे पाडून हजारो कुटुंबांना 2017 पासून येथे आणण्यात आले. लवादाचा निर्णय त्याआधीचा होता. मुंबईची जलवाहिनी सुरक्षित राहावी म्हणून हलवलेली माणसे अशा प्रकारे धोकादायक ठरलेल्या हवेत आली. 2018 च्या ऑक्टोबरपासून या विस्थापितांनी विद्याविहारला रस्त्यावर राहून ‘जीवन बचाओ आंदोलन’ केले. सप्टेंबर 2019 मध्ये उच्च न्यायालयाने माहुलला जाण्याची सक्ती थांबवली आणि पर्यायी घर देता येत नसल्यास दरमहा 15,000 रुपये भाडे व 45,000 रुपये अनामत देण्यास सांगितले.

या भाड्याचा कोळीवाड्याशी संबंध नव्हता. तेथील लोकांची तक्रार हवेबद्दल होती. ऑगस्ट 2020 मध्ये लवादाने ‘प्रदूषण करणाऱ्याने भरपाई द्यावी’ या तत्त्वानुसार चार कंपन्यांवर एकूण 286 कोटी रुपयांची भरपाई बसवली आणि ती रक्कम परिसरातील हवा सुधारण्याच्या उपायांवर खर्च करावी, असे ठरवले.