‘चुकून’

आमच्या घरांतील एक गोष्ट आज वाचकांपुढें ठेवीत आहों. जिची ती आहे तिची अनुज्ञा घेतली आहे. एरवीं सुनेचें दुःख सासऱ्यानें चारचौघांत मांडणें आम्हांस रुचलें नसतें.

२०१९ च्या श्रावणांत एका रात्रीं तिनें घरांतील औषधाच्या गोळ्या जाणूनबुजून घेतल्या. रुग्णालयांत वेळेवर उपचार झाले व ती वांचली. तरुण डॉक्टर कागद घेऊन आले आणि त्यांनीं विचारलें, “गोळ्या कशा घेतल्या गेल्या?” मुलगा आमच्या तोंडाकडे पाहूं लागला. इतकीं वर्षें वर्गांत सत्याचे पाठ दिलेल्या आम्हीं उत्तर दिलें, “चुकून.” त्यांनीं तेंच लिहिलें. पोलीस येतील, बोभाटा होईल, याखेरीज त्या वेळीं डोक्यांत कांहीं नव्हतें.

पुढें दोन महिन्यांनीं आमची एक जुनी विद्यार्थिनी भेटली. दुसऱ्या एका रुग्णालयांत ती रोग्यांचे कागद वाचून रोगनिदानाचे सांकेतिक क्रमांक घालण्याचें काम करते. जागतिक आरोग्य संघटनेच्या वर्गीकरणाची दहावी आवृत्ति तिनें आम्हांस उलगडून दाखविली. (अकरावी २०२२ पासून अमलांत आली.) औषधानें विषबाधा झाली तर तेथें दोन क्रमांक पडतात. पहिला औषधाचा, टी ३६ पासून टी ५० पर्यंत. दुसरा हेतूचा, आणि तेथें आम्ही थबकलों. औषध तेंच, बाधा तीच. पण चुकून घेतलें तर एक्स ४० ते ४४, स्वतःस अपाय करण्यासाठीं घेतलें तर एक्स ६० ते ६४, दुसऱ्यानें घातपातानें दिलें तर एक्स ८५, आणि हेतु ठरवितांच येत नसेल तर वाय १० ते १४.

आमच्या धर्मशास्त्रकारांनींही कामतः व अकामतः घडलेल्या कर्मांत भेद करून प्रायश्चित्तें निरनिराळीं सांगितलीं आहेत. मात्र तेथें दोष मोजावयाचा असतो. या कोष्टकास दोषाशीं कर्तव्य नाहीं. काय घडलें एवढेंच तें विचारतें.

“पण चुकून असें लिहिलेलें असून तुला संशय आला तर?”

“गुरुजी, संशयावरून क्रमांक घालतां येत नाहीं. डॉक्टरांनीं लिहिलें तोच आधार. फार तर त्यांना विचारायचं.”

अमेरिकेच्या आवृत्तींत तर हेतूचा उल्लेखच नसल्यास अपघात धरावा, असा नियम आहे.

म्हणजे आमच्या एका क्रियाविशेषणानें सून सहाव्या दशकांतून चौथ्यांत गेली! केवळ गणती चुकली असती तर आम्हीं मनास लावून घेतलें नसतें. पण अपघाताच्या रोग्यास मनोविकारतज्ज्ञाकडे कोण धाडणार? औषधांची डबी कुलपांत ठेवा, हा उपदेश घेऊन आम्ही घरीं आलों होतों. बाळंतपणापासून तिची झोंप गेली होती, ती बोलेनाशी झाली होती; तें सारें तसेंच राहिलें.

आणि आमची भीति तरी कितपत खरी? मानसिक आरोग्यसेवा कायदा, २०१७ हा २९ मे २०१८ पासून लागू होता. त्याच्या ११५ व्या कलमान्वयें, विरुद्ध सिद्ध न झाल्यास, अशी व्यक्ति तीव्र मानसिक ताणाखालीं होती असें गृहीत धरावयाचें. तिला शिक्षा नव्हे, उपचार मिळावयाचे. (जुनें ३०९ वें कलम तर दंडसंहितेबरोबर १ जुलै २०२४ रोजीं गेलेंच.) पोलिसांकडे वर्दी जाते हें खरें, पण तेवढ्यासाठीं खोटें बोलण्याचें कारण नव्हतें. आतां तर टेलि-मानसचा १४४१६ हा दूरध्वनि-क्रमांकही आहे. तो आम्हीं फडताळाच्या दारावर चिकटविला आहे.

घरीं येऊन सुनेस सारें सांगितलें. ती बराच वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, “बाबा, तुम्ही सगळे चुकून म्हणालांत ना, तेव्हां मला वाटलं, या घरांत खरं सांगायची सोयच नाहीं.”

दुसऱ्या दिवशीं आम्ही उभयतां तिला घेऊन त्याच रुग्णालयांत गेलों. डॉक्टरांस आम्हींच खरें तें सांगितलें. त्यांनीं न रागावतां कागदावर नवी नोंद केली आणि तिला मनोविकारतज्ज्ञांकडे पाठविलें. आम्ही बाहेर बाकावर बसलों. पाऊण तास झाला तरी दार उघडेना.

“काय हो, इतका वेळ काय बोलत असेल?” असें सौभाग्यवतींनीं दोनदां विचारलें.